पोत आणि लेप : टेक्श्चर पेंटिंगच्या सॉफ्टवेअर लायब्ररींचा चिकित्सक विचार

सारांश

संगणकावर घडविलेल्या त्रिमितीय आकृतीच्या पृष्ठभागावर रंग, झळाळी, खरखरीतपणा इत्यादी गुण चढविण्याच्या क्रियेस टेक्श्चर पेंटिंग असे म्हणतात. या क्रियेत चित्रकाराच्या हातात कुंचला असला तरी तो कुंचला, त्यातील रंग आणि ज्यावर रंगवायचे तो पृष्ठभाग हे तिन्ही एखाद्या सॉफ्टवेअर लायब्ररीने पुरविलेले असतात. या लायब्ररी केवळ तांत्रिक सोयी नसून त्यांत सौंदर्यविषयक निर्णय आधीच घेतलेले असतात आणि म्हणून त्यांची समीक्षा होणे आवश्यक आहे, हे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे. त्यासाठी ‘पोत’ आणि ‘लेप’ असा भेद करून नॉइज फल, पीटेक्स, लिबमायपेंट आणि तयार द्रव्यसंग्रह या चार उदाहरणांचे परीक्षण केले आहे.

बीजसंज्ञा : पोत, लेप, टेक्श्चर पेंटिंग, सॉफ्टवेअर लायब्ररी, नॉइज, पीटेक्स, स्मार्ट मटेरियल.

१. प्रास्ताविक

मराठीत ‘पोत’ हा शब्द प्रामुख्याने कापडाच्या आणि जमिनीच्या संदर्भात वापरला जातो. एखाद्या लुगड्याचा पोत चांगला आहे असे म्हणताना बोलणाऱ्याच्या मनात केवळ वरचा रंग नसतो. सूत किती बारीक आहे, उभे-आडवे धागे कसे बसले आहेत, वीण किती घट्ट आहे, यांविषयीचा तो निर्वाळा असतो. जमिनीचा पोत बिघडला असे शेतकरी म्हणतो तेव्हा तोही वरच्या मातीच्या रंगाविषयी बोलत नसतो. मातीची घडण आणि तिचा कस यांविषयी बोलत असतो. दोन्ही ठिकाणी पोत म्हणजे आतली घडण बाहेर दिसणे होय.

संगणकीय आलेखनात ‘टेक्श्चर’ या संज्ञेसाठी ‘पोत’ हाच प्रतिशब्द रूढ झाला आहे. परंतु तेथे त्याचा अर्थ जवळजवळ उलट होतो. त्रिमितीय आकृती ही सामान्यतः आतून पोकळ असते. तिच्या चौकोनी वा त्रिकोणी पृष्ठखंडांवर एक सपाट चित्र बसविले जाते आणि त्या चित्रामुळे ती आकृती लाकडाची, दगडाची किंवा गंजलेल्या पत्र्याची भासते. येथे बाहेर दिसणारे आतून आलेले नसते; ते वरून लावलेले असते. या अर्थाने ते पोत नसून लेप आहे.

हा भेद केवळ शब्दच्छल नाही. चित्रपट, संगणकीय खेळ, वास्तुरचनेची पूर्वदृश्ये, वस्तुसंग्रहालयांतील आभासी पुनर्रचना अशा अनेक ठिकाणी असे पृष्ठभाग आज सातत्याने पाहिले जातात. त्यांविषयी लिहिताना समीक्षक बहुधा कलावंताचे वा चित्रसंस्थेचे नाव घेतो. मात्र त्या पृष्ठभागाची जी घडण कलावंताच्या हाती येण्यापूर्वीच एखाद्या फाइलमध्ये निश्चित झाली होती, तिचा उल्लेख क्वचितच होतो. मराठी सौंदर्यविचारात मर्ढेकरांपासून कलेच्या माध्यमाची चर्चा गांभीर्याने होत आली आहे. त्या परंपरेशी परिचित असलेल्या अभ्यासकाला या नव्या माध्यमाकडे दुर्लक्ष करता येणार नाही.

२. ‘लायब्ररी’ या संज्ञेचे दोन अर्थ

संगणकाच्या क्षेत्रात ‘लायब्ररी’ हा शब्द दोन अर्थांनी वापरला जातो. पहिल्या अर्थाने लायब्ररी म्हणजे आज्ञावलींचा असा संग्रह की जो स्वतंत्रपणे चालत नाही, पण इतर प्रणाली त्यातील कार्ये हवी तेव्हा मागवून घेतात. विंडोजवर ‘डीएलएल’ या विस्ताराच्या फाइली आणि लिनक्सवर ‘एसओ’ या विस्ताराच्या फाइली या प्रकारच्या असतात. चित्रकार कुंचल्याचा एक फटकारा मारतो तेव्हा त्या फटकाऱ्याचे गणित अशाच एखाद्या फाइलमध्ये होत असते. दुसऱ्या अर्थाने लायब्ररी म्हणजे तयार साहित्याचा साठा : कुंचले, छायाचित्रे, द्रव्ये, मुखवटे इत्यादी. चित्रकार त्यातून हवे ते उचलतो.

तांत्रिक दृष्टीने हे दोन अर्थ वेगळे असले तरी समीक्षेच्या दृष्टीने त्यांत एक साम्य आहे. दोन्हींमध्ये कोणीतरी आधी घेतलेला निर्णय साठविलेला असतो आणि नंतर येणारा चित्रकार तो निर्णय, जाणता वा अजाणता, स्वीकारतो. ग्रंथालयातील ग्रंथावर लेखकाचे नाव असते. सॉफ्टवेअर लायब्ररीतील निर्णयावर ते बहुधा दिसत नाही. म्हणूनच प्रत्येक लायब्ररीला तीन प्रश्न विचारणे आवश्यक ठरते. ती चित्रकाराचे ओझे कमी करताना त्याचा निर्णयही काढून घेते काय? तिच्यातील निर्णय तपासता येतो काय? आणि तिच्यातून उमटणाऱ्या पृष्ठभागाला काही कारण असते, की केवळ रूप असते?

३. ऐतिहासिक पार्श्वभूमी

पृष्ठभागावर चित्र बसविण्याच्या पद्धतीचा उगम एड कॅटमुल यांनी १९७४ मध्ये युटा विद्यापीठास सादर केलेल्या प्रबंधात आढळतो. वक्र पृष्ठभाग संगणकाच्या पडद्यावर दाखविण्याच्या रीतींचा विचार करताना त्यांनी त्यावर एखादी प्रतिमा गुंडाळता येते हे दाखविले. १९७८ मध्ये जिम ब्लिन यांनी पृष्ठभाग प्रत्यक्ष न उंचावता, प्रकाशाच्या गणितात फेरफार करून सुरकुत्यांचा आभास निर्माण करण्याची युक्ती मांडली. १९८३ मध्ये लान्स विल्यम्स यांनी एकाच प्रतिमेच्या क्रमाने लहान होत जाणाऱ्या प्रती साठविण्याची ‘मिपमॅप’ पद्धत मांडली. त्यामुळे दूरचा पृष्ठभाग पाहताना होणारी चित्राची थरथर कमी झाली.

या तीनही टप्प्यांत चित्रकार आणि त्रिमितीय आकृती यांच्यामध्ये एक अंतर होते. चित्र सपाट कागदाप्रमाणे वेगळे रंगवायचे आणि मग ते आकृतीवर कसे बसते ते पाहायचे, असा क्रम होता. हे अंतर पॅट हॅनरहन आणि पॉल हेबर्ली यांच्या १९९० च्या निबंधाने मिटविले. पडद्यावर दिसणाऱ्या आकृतीवर कुंचला टेकविताच त्याखाली पृष्ठभागाचा कोणता बिंदू आहे हे त्यांची प्रणाली शोधून काढीत असे आणि रंग थेट तेथेच उमटत असे. इतकेच नव्हे, तर रंगाप्रमाणेच झळाळी आणि उंचसखलपणाही कुंचल्याने रंगविता येतो हे त्यांनी दाखविले. आजच्या टेक्श्चर पेंटिंगची मूळ कल्पना हीच होय. पुढे कॅटमुल आणि हॅनरहन या दोघांना २०१९ चा ट्युरिंग पुरस्कार संयुक्तपणे देण्यात आला.

४. नॉइज फल : नियमातून आलेला पोत

१९८२ मध्ये प्रदर्शित झालेल्या ‘ट्रॉन’ या चित्रपटासाठी काम करणाऱ्या संस्थांपैकी एका संस्थेत केन पर्लिन होते. त्या काळच्या संगणकीय प्रतिमा अतिशय गुळगुळीत व यांत्रिक दिसत. त्या असमाधानातून त्यांनी एक गणिती फल तयार केले आणि १९८५ मध्ये ते निबंधरूपाने प्रसिद्ध केले. ‘पर्लिन नॉइज’ या नावाने ते ओळखले जाते. अवकाशातील कोणताही बिंदू दिला असता हे फल एक संख्या देते. जवळच्या बिंदूंना जवळच्या संख्या मिळतात, पण एकूण रचना अनियमित भासते. तोच बिंदू पुन्हा दिला तर तीच संख्या मिळते. अशा अनेक स्तरांची लहानमोठ्या प्रमाणात बेरीज केली की ढग, संगमरवराच्या शिरा, लाकडातील वळ्या यांचा आभास निर्माण होतो. या कामासाठी त्यांना १९९७ मध्ये अमेरिकेच्या चित्रपट अकादमीचा तांत्रिक पुरस्कार मिळाला. आज बहुतेक त्रिमितीय प्रणालींच्या लायब्ररींत हे फल वा त्याचे एखादे भावंड असतेच.

१९८५ मध्येच डार्विन पीची यांनीही घन पोताची कल्पना मांडली. या दोन्ही निबंधांतील समान सूत्र असे की पोत हा पृष्ठभागावर चिकटविलेला नसून संपूर्ण घन अवकाशात व्यापलेला आहे. संगमरवराची फुलदाणी कोरली असता जशी आतली शीर कापलेल्या जागी प्रकट होते, तसाच हा पोत आकृतीने छेदलेल्या जागी दिसतो. आकृती बदलली तर शिरा नव्या जागी पण सुसंगतपणे दिसतात. मराठीतील ‘पोत’ या शब्दाच्या मूळ अर्थाशी संगणकीय आलेखन येथे सर्वाधिक जवळ येते.

तथापि, या फलातही निर्णय साठविलेला आहे. मूळ फलात संख्यांमधील संक्रमणासाठी जी वक्ररेषा वापरली होती तिच्यामुळे उंचसखल पृष्ठभागावर जाळीच्या रेषा कधीकधी दिसत. पर्लिन यांनी २००२ मध्ये ही वक्ररेषा बदलली आणि दिशांची निवड १२ वर आणून आणखी एक दोष दूर केला. म्हणजे १७ वर्षे अनेक पृष्ठभागांवर दिसू शकणारा एक दोष चित्रकाराचा नव्हता, लायब्ररीचा होता. तो शोधता आला आणि सुधारता आला, कारण फलाचे गणित उघड होते. समीक्षेच्या दृष्टीने ही बाब महत्त्वाची आहे. ज्या निर्णयाचे सूत्र उपलब्ध असते त्याच्याशी वाद घालता येतो.

५. पीटेक्स : स्वतःला बाजूला ठेवणारी लायब्ररी

त्रिमितीय आकृतीवर सपाट चित्र बसवायचे तर ती आकृती आधी उलगडावी लागते. हे काम शिंप्याच्या बेतणीसारखे, पण उलट्या दिशेचे आहे. शिंपी सपाट कापड कापून अंगाला बसेल असा सदरा शिवतो. येथे शिवलेला सदरा उसवून सपाट करावा लागतो. या उलगडण्याला यूव्ही मांडणी म्हणतात. उसवलेल्या जागी शिवण राहते आणि तेथे रंग जुळविणे हे किचकट काम होऊन बसते. मोठ्या आकृतींसाठी एक चित्र पुरत नाही म्हणून वेटा डिजिटल या संस्थेत यूडिम ही पद्धत पुढे आली. तीत चित्रांना १००१ पासून क्रमांक दिले जातात व प्रत्येक ओळीत दहा चित्रे मांडली जातात. ही व्यवस्था आज सर्वत्र रूढ असली तरी ती शिवण टाळत नाही. फक्त कापडाचे ताके वाढविते.

वॉल्ट डिस्ने अ‍ॅनिमेशन स्टुडिओजमधील ब्रेंट बर्ली आणि डिलन लेसवेल यांनी २००८ मध्ये मांडलेली पीटेक्स पद्धत या प्रश्नाला मुळातूनच भिडते. तीत आकृती उलगडलीच जात नाही. प्रत्येक पृष्ठखंडाचे स्वतंत्र लहानसे चित्र असते; प्रत्येकाची सूक्ष्मता वेगळी ठेवता येते; आणि कोणत्या पृष्ठखंडाच्या कोणत्या कडेला कोणता शेजारी आहे ही माहिती त्याच फाइलमध्ये साठविलेली असते. त्यामुळे रंग एका खंडावरून दुसऱ्यावर जाताना शिवण दिसत नाही. लाखो खंडांची चित्रे एकाच फाइलमध्ये राहू शकतात आणि लायब्ररी त्यांतील जेवढा भाग हवा तेवढाच वाचते. ‘बोल्ट’ या २००८ च्या चित्रपटातील जवळजवळ सर्व पृष्ठभागांसाठी ही पद्धत वापरली गेली. २०१० मध्ये तिची लायब्ररी मुक्त स्रोत म्हणून खुली करण्यात आली. २०१८ मध्ये डिस्नेने ‘मोआना’ चित्रपटातील बेटाचे संपूर्ण दृश्य अभ्यासकांसाठी उपलब्ध करून दिले, त्यातील पृष्ठभागचित्रेही याच स्वरूपात आहेत.

या लायब्ररीचे वैशिष्ट्य असे की ती पृष्ठभाग कसा दिसावा याविषयी फारसे सांगत नाही. तिच्यात गंज नाही, धूळ नाही, लाकूड नाही. चित्रकाराचे जे ओझे कलेशी संबंधित नव्हते, म्हणजे उसवणे आणि शिवणी जुळविणे, तेवढेच ती उचलते आणि निर्णय त्याच्याकडेच ठेवते. तिच्या मर्यादाही स्पष्ट आहेत. आकृतीचे खंड बदलले की खंडांना बांधलेला रंग विस्कळीत होतो आणि तो नव्याने स्थलांतरित करावा लागतो. आलेखनाची यंत्रसामग्री आयताकृती चित्रांसाठी घडलेली असल्यामुळे संगणकीय खेळांसारख्या तत्क्षणी चित्र दाखविणाऱ्या क्षेत्रात यूव्ही मांडणीच टिकून राहिली. परंतु या मर्यादा कार्यक्षमतेच्या आहेत, दृष्टीच्या नाहीत.

६. लिबमायपेंट : रंगमिश्रणातील भूमिका

कुंचल्याच्या लायब्ररीचे उदाहरण म्हणून लिबमायपेंट घेता येईल. मायपेंट या मुक्त चित्रप्रणालीतून ती स्वतंत्र झाली आणि २०१८ मध्ये आलेल्या गिंप २.१० या आवृत्तीत तिच्या आधारे कुंचल्याचे एक स्वतंत्र साधन समाविष्ट झाले. पृष्ठभागासाठी लागणारी सपाट चित्रे रंगविण्यास अशा प्रणाली वापरता येतात. या लायब्ररीत प्रत्येक कुंचला म्हणजे एक मजकूर-फाइल असते. लेखणीचा दाब, वेग, कल यांनुसार ठिपक्याची त्रिज्या, गडदपणा, विखुरणे कसे बदलावे हे त्या फाइलमध्ये लिहिलेले असते. ती कोणालाही उघडून वाचता येते.

येथे लक्षणीय मुद्दा रंगमिश्रणाचा आहे. पडद्यावरील तांबडा, हिरवा व निळा या घटकांची सरासरी काढून शुद्ध निळा आणि पिवळा मिसळले तर करडा रंग मिळतो. रंगपेटी हाताळलेल्या कोणत्याही मुलाला मात्र निळा आणि पिवळा मिळून हिरवा होतो हे ठाऊक असते. २०२० च्या मायपेंट २.० मध्ये रंगद्रव्यांच्या प्रकाशपरावर्तनावर आधारित मिश्रण आणले गेले आणि पडद्यावरही हिरवा मिळू लागला. दोन्ही पद्धतींत चित्रकाराचा हात तोच आणि निवडलेले रंगही तेच. पण उमटणारा रंग वेगळा. करड्या मिश्रणामुळे एखाद्या चित्रातील छाया मळकट दिसत असतील तर तो दोष चित्रकाराच्या रंगजाणिवेचा म्हणावा की लायब्ररीच्या गणिताचा, हा प्रश्न समीक्षकाने विचारलाच पाहिजे.

७. तयार द्रव्यसंग्रह : कारणाविना जीर्णता

फ्रान्समधील क्लेरमाँ-फेराँ येथे २००३ मध्ये स्थापन झालेल्या अलेगोरिद्मिक या संस्थेने २०१४ मध्ये सबस्टन्स पेंटर ही प्रणाली आणली. २०१९ मध्ये ही संस्था अडोबीने विकत घेतली. या प्रणालीने टेक्श्चर पेंटिंगची कार्यपद्धतीच बदलली. रंग, खरखरीतपणा, धातुत्व, उंची असे अनेक गुण एकाच फटकाऱ्यात रंगविता येऊ लागले आणि प्रत्येक टप्पा स्तररूपाने जतन होऊ लागला. हे श्रेय निःसंशय मोठे आहे.

या प्रणालीसोबत ‘स्मार्ट मटेरियल’ नावाचा तयार द्रव्यांचा संग्रह येतो. त्याची रीत अशी : प्रथम आकृतीच्या भूमितीवरून काही नकाशे काढले जातात. कोणता भाग कडेचा आहे, कोणता खोबणीत आहे, कोणता वरच्या बाजूस तोंड करून आहे, हे त्यांवरून कळते. मग कडांवरचा रंग आपोआप उडविला जातो, खोबणीत मळ साठविला जातो आणि वरच्या बाजूवर धूळ बसविली जाते. नवी कोरी आकृती काही क्षणांत जुनी दिसू लागते. ही युक्ती केवळ याच प्रणालीत आहे असे नव्हे. ब्लेंडर या मुक्त प्रणालीतही कडांची तीक्ष्णता मोजून तसाच परिणाम साधता येतो.

प्रश्न असा की जीर्णता भूमितीतून येते काय? काही प्रमाणात येते. पेटीच्या कडा आपटतात आणि त्यांवरचा रंग खरोखरच आधी उडतो. परंतु जीर्णतेचे मुख्य कारण वापर हे असते. दगडी पायरी कडेपेक्षा मध्यभागी अधिक झिजते, कारण पावले तेथे पडतात. दाराची कडी जेथे बोटे लागतात तेथेच उजळते. जात्याचा खुंटा मुठीच्या उंचीवर गुळगुळीत होतो आणि खाली खरबरीतच राहतो. उजव्या हाताने वापरायच्या हत्याराची एक बाजू दुसरीपेक्षा निराळी दिसते. या खुणा आकृतीच्या भूमितीत कोठेही नसतात. त्या वस्तूच्या चरित्रात असतात. लायब्ररीला भूमिती ठाऊक असते, चरित्र ठाऊक नसते. म्हणून ती सर्व वस्तूंना एकाच रीतीने वृद्ध करते. तलवार, दूधगाडी आणि अंतराळयान यांच्या कडांवर सारखाच रंग उडालेला दिसतो तो याचमुळे.

छायाचित्रांवर आधारलेल्या संग्रहांबाबत आणखी एक मुद्दा उद्भवतो. पॉली हेवनसारख्या संकेतस्थळावर अशी चित्रे कोणत्याही अटीविना मुक्तपणे उपलब्ध आहेत आणि अध्यापनाच्या दृष्टीने ही मोठीच सोय आहे. परंतु छायाचित्र हे नेहमी कोणत्या तरी निश्चित स्थळाचे असते. विटेचा आकार, सांध्यातील चुना, भिंतीवरील शेवाळ यांत त्या स्थळाची माती आणि हवा उतरलेली असते. कोकणातील वा गोव्यातील जांभ्याचे घर रंगविणाऱ्या विद्यार्थ्याला संग्रहात जांभा मिळाला नाही आणि त्याने तांबड्या विटांची भिंत घेतली, तर रंग जवळपास जुळेल. पण जांभ्याची छिद्रे, चिऱ्याचे मोठे माप आणि पावसाळ्यांनी काळवंडलेला त्याचा वरचा भाग निघून जाईल. घर उरेल, प्रदेश उरणार नाही.

तपासणीयोग्यतेच्या कसोटीवरही हा संग्रह उणा पडतो. सबस्टन्सची द्रव्ये बहुधा ‘एसबीएसएआर’ या संकलित स्वरूपात वितरित होतात. त्यांतील जे घटक निर्मात्याने खुले ठेवले असतील तेवढेच वापरकर्त्याला बदलता येतात. आतील रचना पाहता येत नाही. नॉइज फलाबाबत जी चर्चा शक्य झाली ती येथे वापरकर्त्याच्या पातळीवर शक्य होत नाही.

८. संभाव्य आक्षेप

या प्रतिपादनावर दोन आक्षेप घेतले जातील. पहिला असा की कलेत तयार साधन नेहमीच होते. जॉन रँड यांनी १८४१ मध्ये रंगाची पिळून वापरायची नळी तयार केली तेव्हा चित्रकाराने स्वतः रंग घोटण्याची गरज आणखी कमी झाली. त्याने चित्रकला संपली नाही. हा आक्षेप रास्त आहे. गॉम्ब्रिच यांनी १९६० च्या ‘आर्ट अँड इल्युजन’ या ग्रंथात असे दाखविले आहे की चित्रकार कोऱ्या दृष्टीने आरंभ करीत नाही. तो आधीच्या आकृतिबंधापासून सुरुवात करतो आणि निसर्गाशी ताडून तो दुरुस्त करीत जातो. या विचाराच्या आधारे असे म्हणता येईल की तयार द्रव्य हा एक आकृतिबंध आहे. तो घेण्यात दोष नाही. दोष तो दुरुस्त न करण्यात आहे. रंगाच्या नळीने निळा रंग दिला, पण तो कोठे लावायचा हे सांगितले नाही. स्मार्ट मटेरियल मात्र रंगही देते आणि जागाही ठरविते.

दुसरा आक्षेप असा की टेक्श्चर पेंटिंग मुळातच आभास आहे. त्यात पोताची अपेक्षा करणे व्यर्थ होय. याचे उत्तर शोधताना रस्किन यांचे स्मरण होणे स्वाभाविक आहे. १८४९ च्या ‘द सेव्हन लॅम्प्स ऑफ आर्किटेक्चर’ या ग्रंथात त्यांनी एका द्रव्याच्या पृष्ठभागावर दुसऱ्या द्रव्याचा भास रंगविणे हे वास्तुकलेतील असत्य मानले. तो निकष येथे जसाच्या तसा लावला तर सर्वच टेक्श्चर पेंटिंग असत्य ठरेल. परंतु रस्किन यांनीच वास्तूवरील सोन्याचा मुलामा फसवणूक मानला नाही, कारण पाहणारा त्याला घन सोने समजत नाही. चित्रपटाचा प्रेक्षकही पडद्यावरील दगडाला खरा दगड समजत नाही. त्यामुळे येथे सत्याची कसोटी द्रव्याची नसून कारणाची आहे. पृष्ठभागावरील प्रत्येक खुणेला कथेत वा वस्तूच्या जीवनात काही कारण असेल, तर आतून पोकळ असलेल्या आकृतीलाही पोत प्राप्त होतो. कारण नसेल तर सूक्ष्मातिसूक्ष्म तपशीलही लेपच राहतो.

व्यवहाराची बाजूही नाकारता येत नाही. पार्श्वभूमीतील शेकडो वस्तूंचे चरित्र रचण्यास कोणत्याही निर्मितीत वेळ नसतो आणि तेथे तयार द्रव्य वापरणे गैर नाही. मात्र प्रेक्षकाची दृष्टी जेथे खिळावी अशी अपेक्षा असते, त्या वस्तूवर भूमितीने ठरविलेली झीज पुरेशी नाही.

९. समारोप आणि निष्कर्ष

अ‍ॅनिमेशन आणि मल्टिमीडियाचे अभ्यासक्रम आज अनेक महाविद्यालयांत चालविले जातात. त्यांतील मूल्यमापनात अंतिम प्रतिमेचा सफाईदारपणा हाच निकष राहिला तर विद्यार्थ्याचे काम आणि लायब्ररीचे काम यांत फरक करता येणार नाही. सफाई ही बहुतांशी लायब्ररीची असते. विद्यार्थ्याकडून अंतिम प्रतिमेबरोबर स्तरांची मूळ फाइल मागविणे आणि प्रत्येक प्रमुख खुणेचे कारण विचारणे हा साधा उपाय आहे. या ठिकाणी रंग का उडाला, या प्रश्नाला ‘ही कड आहे म्हणून’ असे उत्तर आले तर ते लायब्ररीचे उत्तर आहे. ‘येथे हात लागतो म्हणून’ असे उत्तर आले तर ते चित्रकाराचे आहे.

वरील विवेचनातून पुढील निष्कर्ष काढता येतात.

१) टेक्श्चर पेंटिंगमधील लायब्ररी हे तटस्थ साधन नाही; तिच्यात रंग, संक्रमण, झीज यांविषयीचे निर्णय आधीच साठविलेले असतात.

२) लायब्ररीचे मूल्य ती किती तयार पृष्ठभाग देते यावर ठरविणे योग्य नाही. अकलात्मक श्रम कमी करून निर्णय चित्रकाराकडे ठेवणारी लायब्ररी श्रेष्ठ होय. या कसोटीवर पीटेक्स सरस ठरते.

३) ज्या लायब्ररीचे गणित वा मजकूर खुला असतो तिचे दोष दाखविता येतात आणि दूर करता येतात. नॉइज फल आणि लिबमायपेंट ही त्याची उदाहरणे होत.

४) तयार द्रव्यसंग्रह आरंभासाठी उपयुक्त आहेत, परंतु ते भूमितीला कारण मानतात आणि वापर, स्थळ व काळ यांना वगळतात. ही उणीव चित्रकाराने स्वतः भरून काढावी लागते.

५) संगणकीय पृष्ठभागाच्या समीक्षेत कलावंताच्या नावाबरोबर त्याने वापरलेल्या लायब्ररीचा विचार होणे आवश्यक आहे. तसे झाल्यासच पृष्ठभागातील कोणता भाग घेतलेला आणि कोणता घडविलेला, हे सांगता येईल.

कापडाचा पोत पाहणारा जाणकार ते बोटांत धरून चुरगळून पाहतो. संगणकीय पृष्ठभाग असा चुरगळता येत नाही. त्याच्या बाबतीत हे काम प्रश्नांनी करावे लागते. ते करण्याची जबाबदारी समीक्षकाची आणि अध्यापकाची आहे.